कोणालाच न दिसलेली हरणं

"उज्ज्वला, तू दहातली सात हरणं बघतेस आणि चारुता दहातली आठ," बिराजदार सर म्हणाले, आणि बशीतला चहा ओढून त्यांनी बशी खाली ठेवली. "सात म्हणजे वाईट नाही बरं का. चांगलंच आहे की."

वाईट नाही! बोर्डात आलेल्या पोरीच्या शेजारी उभं करून फर्स्ट क्लासवालीची पाठ थोपटावी, तसे सर बोलले. मी हसले. हसण्याशिवाय दुसरं करणार काय? वनखात्याच्या चौकीच्या ओसरीवर आम्ही तिघं बसलो होतो, आणि कोळेकर नावाचे वनरक्षक पलीकडं स्टोव्हला पिन मारत होते. चारुता लिमये माझ्या शेजारीच मांडी घालून बसली होती. तिनं मान खाली घातली आणि "सर, पण आकडे अजून कमी आहेत, इतक्यात काही म्हणता येणार नाही," असं काहीतरी पुटपुटली. तिचा हा विनय मला त्या आठापेक्षा जास्त झोंबला. माणसानं जिंकावं तर सरळ जिंकावं. वर आणि नम्र कशाला व्हायचं?

या गोष्टीला आता वीसेक वर्षं झाली. करमाळ्याच्या बाजूला, सोलापूर आणि नगर जिल्ह्यांच्या वेशीवर, त्या हिवाळ्यात आम्ही दोघी हरणं मोजायला राहिलो होतो. हरणं म्हणजे काळवीट. काळा असतो तो नर. माद्या आणि पोरं गवताच्याच रंगाची. हरणं मोजायची म्हणजे नेमकं काय करायचं, असं मला लग्नकार्यात बायका अजून विचारतात. एक, दोन, तीन करत मोजायची असती तर प्रश्नच नव्हता. पण अर्धी हरणं गवतात बसलेली असतात, काही बांधाच्या पलीकडं असतात, आणि आपण मोजत असताना तिसरीच कुठून तरी उठून चालायला लागतात.

म्हणून सरांनी आमच्यासाठी एक पद्धत घालून दिली होती. माळावर एकच टेकाड होतं. त्यावर आम्ही दोघींनी सकाळी नि उतरत्या उन्हात बसायचं, एकाच वेळी, एकच माळ बघायचा, आणि एकमेकींशी अवाक्षर न बोलता आपापल्या नकाशावर खुणा करायच्या. नंतर दोन्ही नकाशे शेजारी ठेवायचे. काही हरणं दोघींना दिसलेली असत, काही फक्त मला, काही फक्त तिला. आणि चौथी असत ती कोणालाच न दिसलेली. गणिताची सगळी करामत त्या चौथ्या राशीसाठी. मला दिसलेल्यांपैकी जवळजवळ सगळी तिलाही दिसली असतील, तर तिची नजर पक्की. तसंच उलट बाजूनं माझं. दोघींच्या नजरा पक्क्या ठरल्या की सुटलेली हरणं थोडी. नजरा कच्च्या ठरल्या की माळावर अजून पुष्कळ जनावर आहे असं समजायचं. अट एकच होती. दोघींनी आपापलं बघायचं. एकीच्या बघण्याचा दुसरीच्या बघण्याशी काडीचा संबंध नको.

हा खटाटोप कशासाठी, तर आजूबाजूच्या वस्त्यांची ज्वारी आणि हरभरा हरणं खात होती आणि लोक चिडले होते. थोडी हरणं पकडून दुसऱ्या कुरणात न्यावीत, असा खात्याचा विचार होता. किती न्यायची? जास्त उचलली तर कळप मोडायचा, कमी उचलली तर रान खातच राहायची. वर्षाला किती जन्मतात, किती मरतात, लांडगा किती नेतो, हे सगळं मांडून सर एक आकडा काढणार होते, आणि त्याच्या बुडाशी आमची मोजणी होती. शिवाय आणखी एक गोष्ट होती, जी आम्ही दोघी बोलत नव्हतो. हिवाळा संपला की सरांच्या प्रकल्पात पाच वर्षांची एकच जागा राहणार होती. आम्ही दोघी होतो.

चारुताला ती जागा मिळाली नसती तर ती पुण्याला परत गेली असती आणि आणखी काहीतरी शिकली असती. मला मिळाली नसती तर मी बार्शीला गेले असते, आणि कुर्डुवाडीच्या एका स्थळानं मला आधीच फोटोवरून पसंत केलं होतं. आमचे दादा, म्हणजे वडील, एस्टीत कंडक्टर. त्यांनी मला एवढंच सांगितलं होतं, "उन्हाळ्यापतोर बघतो. नोकरी लागली तर लागली. न्हाईतर मग मला बोलू देऊ नको."

आणि माझ्याजवळ भांडवल काय, तर डोळे. इंग्रजी यथातथा, गणिताची भीती. पण गवतात बसलेलं हरीण मला दिसायचं. नुसता कान हलला तरी दिसायचा. कॉलेजच्या सहलीत सगळा वर्ग रिकाम्या माळाकडं बघत उभा असताना मी "ते बघा, आणि ते बघा" करत राहिले होते, आणि तिथंच सरांनी मला हेरलं होतं. चारुता संख्याशास्त्राची. तिला सूत्रं येत होती, संगणक येत होता, सरांशी इंग्रजीत वाद घालता येत होता. ते सगळं तिचं, मी कधी मागितलं नव्हतं. पण डोळे माझे होते ना? आता तेही गणितानं तिला देऊन टाकले होते. दहातली आठ!

त्या एका हरणापायी माझी झोप उडाली. तिचं काहीही चांगलं झालं की माझ्या पोटात दुखायचं. आठवड्यात ती भाकरी थापायला शिकली, तर कोळेकर म्हणाले, "लिमयेबाई, भाकरी झ्याक जमली बगा!" माझ्या भाकरीला आजवर कोणी झ्याक म्हटलेलं नव्हतं, कारण बार्शीच्या पोरीला भाकरी येणारच, त्यात काय मोठं. तिची दुर्बीण मामानं जर्मनीहून आणलेली. माझी खात्याची, एका डोळ्यानं धूसर. सर आले की आधी तिला हाक मारायचे. दोघं ओसरीवर कागद पसरून बसायचे, आणि मी आत लसूण सोलत त्यांचं बोलणं ऐकायची. त्यातलं निम्मं कळायचं नाही, आणि त्याचाच जास्त राग यायचा.

टेकाडावर बसायच्या जागा दोन होत्या. एक पुढं, कड्यावरच्या सपाट खडकावर. दुसरी चार हात मागं, हिवराच्या सावलीत. पुढं ऊन लागायचं, म्हणून सरांनी पाळी लावून दिली होती. एक दिवस ती पुढं, एक दिवस मी. ती पुढं बसायची त्या दिवशी दोन-दोन तास तिची पाठ माझ्यासमोर. मानेवरची कुरळी बट, कानातली बारीक रिंग, कोपर गुडघ्यावर टेकवून दुर्बीण स्थिर धरायची सरांनी दाखवलेली ढब, खूण केली की पेन्सिल दातांत धरायची सवय, हे सगळं मला पाठ झालं होतं. पेन्सिल कागदाला टेकली की मी मनात म्हणायची, झालं, हिला आणखी एक सापडलं.

शेवटी मी ठरवलं, हे सूत्र एकदा शिकायचंच. ज्या काठीनं मार खाल्ला ती हातात घेऊन बघायची. शिकवणार कोण? चारुताच.

"अगं, खरंच शिकायचंय तुला?" तिला आनंदच झाला. "मी कधीची म्हणणार होते, पण मला वाटलं, तुला आवडणार नाही."

"न आवडायला काय झालं?"

"तसं नाही. तू ना, बोलत नाहीस माझ्याशी फारसं."

"बोलते की. आत्ता काय करतेय?"

तिनं शेंगदाणे घेतले आणि ओसरीवर ढिगारे घातले. हे दोघींना दिसलेले, हे फक्त तुला, हे फक्त मला. ती शिकवायची पण छान, मेली. एकदा सांगितलेलं कळलं नाही तर दुसऱ्यांदा निराळ्या वाटेनं सांगायची, आणि आपल्याला आधी कळलं नव्हतं हे जाणवूही द्यायची नाही. चार दुपारींत मला भागाकार करून दोघींच्या नजरा काढता यायला लागल्या. तिचं खरंच आठाला जायचं, माझं सातालाच थांबायचं. मी तीन-तीनदा केलं. गणितात चूक नव्हती.

मग माझ्या डोक्यात आलं, माझे सात होण्यात बसायच्या जागेचा काही हात असेल का? खडकावर ऊन डोळ्यात येतं, मागं हिवराची फांदी आड येते. काहीतरी कारण हवंच होतं मला. म्हणून एका दुपारी चारुता हापशावर केस धुवायला गेलेली असताना मी पुढं बसल्याचे दिवस वेगळे काढले आणि मागं बसल्याचे वेगळे. पण स्वतःचं बघायचा धीर होईना. आधी तिचं काढून बघितलं.

ती माझ्या मागं बसायची त्या दिवशी तिची नजर दहातल्या साडेनवांवर जात होती. आणि ती माझ्या पुढं बसायची त्या दिवशी? जेमतेम साडेपाच.

मी कागद खाली ठेवला आणि पुन्हा उचलला. ऊन पुढं लागतं हे खरं, पण उन्हानं एवढा फरक पडत नाही. मागं बसली की तिला सगळं दिसतं, पुढं बसली की निम्मं दिसत नाही. मागं बसल्यावर तिच्यासमोर असं काय असतं, जे पुढं बसल्यावर नसतं?

मी असते!

माझं डोकं वळेल तिकडं तिची दुर्बीण वळत होती. मी जिथं थांबेन तिथं ती थांबत होती. माझी बहुतेक सगळी हरणं तिलाही मिळत होती, वर चार तिची स्वतःची. आणि सूत्र बिचारं म्हणत होतं, वा, काय नजर आहे! खरं सांगते, इतका आनंद मला माझ्या निकालाच्या दिवशीसुद्धा झाला नव्हता. ती केसांना पंचा गुंडाळून आली आणि म्हणाली, "काय गं, एकटीच हसतेस?" मी म्हटलं, "काही नाही, घरची आठवण आली."

पण सरांपुढं नुसत्या संशयावर जायचं नव्हतं. दुसऱ्या दिवशी पुढं बसायची पाळी माझी होती. ऊन वर आलं तसा डावीकडं तुरीच्या वावरातून एक कळप हळूहळू बाहेर पडायला लागला, मला तो डोळ्याच्या कोपऱ्यातून दिसला. मी दुर्बीण उजवीकडं वळवली. तिकडं तरवडाचं एक झुडूप होतं आणि त्याच्या आजूबाजूला काहीही नव्हतं. मी त्या झुडपावर दुर्बीण लावली आणि हलले नाही. नजर बारीक केली, थोडी पुढं वाकले, पुन्हा मागं आले. नाटकात काम केलं असतं तर नाव काढलं असतं. डावीकडचा कळप आरामात माळ ओलांडून खालच्या ओढ्यात उतरला, आणि मी त्याची खूण दुर्बीण न हलवता, नुसत्या डोळ्यानं बघून केली.

वेळ संपल्यावर आम्ही नकाशे शेजारी ठेवले. तिच्या नकाशावर डावी बाजू कोरी होती.

"एवढा मोठा कळप गेला इथून?" ती बघतच राहिली. "मला कसा नाही दिसला?"

"तू कुठं बघत होतीस?"

तरवडाच्या झुडपापाशीही तिनं खूण केलेली नव्हती, हे मी बघून घेतलं. खोटं हरीण तिनं लिहिलं नव्हतं. ते बघून मला जरा वाईटच वाटलं. खोटं लिहिलं असतं तर काम आणखी सोपं झालं असतं.

शनिवारी सर आले. जागेचं काय ते आज सांगतो, असं त्यांनी आधीच कळवलं होतं. ओसरीवर बसल्या बसल्या त्यांनी चपला काढल्या, पाणी प्यायलं आणि म्हणाले, "हं, तर मी असा विचार केला..."

"सर, त्याच्या आधी मला काहीतरी दाखवायचंय," मी म्हटलं.

मी कागद पुढं केला. मी एकेक शब्द मोजून बोलले. चारुता मागं बसते तेव्हाचे तिचे आकडे, पुढं बसते तेव्हाचे आकडे, आणि तो तुरीतला कळप. "ती हरणं बघत नाही सर. मी कुठं बघते ते बघते. तिची दहातली आठ म्हणजे माझीच हरणं आहेत."

सरांनी चष्मा लावला. कागद बघितला, पुन्हा बघितला. "चारुता?"

ती पांढरी पडली होती. मी तयारीत होते. ती रडेल, नाही म्हणेल, सूत्रातलं काहीतरी अवघड काढून मला गप्प करेल.

"खरं आहे सर," ती म्हणाली. "मला दिसतच नाही. पहिल्या आठवड्यात मी नुसतं गवत बघत होते. उज्ज्वला भराभर खुणा करत सुटायची. मग एकदा ती बघत होती तिकडे सहज बघितलं, तर तिथे हरीण होतं. पुन्हा बघितलं, पुन्हा होतं. नंतर नंतर मान आपोआप वळायची. मी मुद्दाम नव्हते करत." ती थांबली. "म्हणजे, शेवटी शेवटी मुद्दामच."

"तुला ठाऊक होतं ना, याच्यानं सगळी मोजणी बिघडते?"

"मलाच तर ठाऊक होतं सर. दुर्बीण माझी चांगली, गणित मला येतं, आणि हरणं मात्र हिला दिसतात. तुम्ही पहिल्या दिवशी म्हणालात, सूत्र कोणीही लिहील, नजर आणायची कुठून? मला इतका राग यायचा हिचा. झोपताना सुद्धा."

कानाला एवढं गोड काही मी आजवर ऐकलेलं नव्हतं. चारुता लिमयेला माझा हेवा वाटत होता! मी मान खाली घातली. आता नम्र व्हायची पाळी माझी होती, आणि ते किती सोपं असतं हे मला तेव्हा कळलं.

"सर," चारुता म्हणाली, "उज्ज्वलाचंही तसंच काढून बघायला हवं ना? पुढचं वेगळं, मागचं वेगळं. एकीचंच काढलं तर ते अर्धवट राहील."

"माझं कशाला?" मी म्हटलं. "मी काय कोणाचं बघून लिहीत नाही."

"नाही गं, नियम म्हणून."

सरांनी मान हलवली. तिनं पेन्सिल घेतली आणि भागाकार मांडला. मला तो आता वाचता येत होता, तिनंच शिकवला होता, त्यामुळं उत्तर तिच्या हातून उतरायच्या आधीच मला दिसलं. पुढं बसले की माझी नजर दहातली नऊ. मागं बसले की साडेचार.

"हे काय?" सर म्हणाले. "सावलीत बसून निम्मीसुद्धा नाहीत? उलट तिथं बरं दिसायला पाहिजे की. मागं बसल्यावर तुला होतंय काय?"

मी फांदीचं नाव घेतलं. हिवराची फांदी आड येते म्हटलं. सरांनी चारुताकडं बघितलं, तिच्या साडेनवांना फांदी आड आली नव्हती.

"ती माझ्याकडे बघत असते, सर," चारुता हळूच म्हणाली. "मला पाठीला कळायचं."

माझ्या कानापर्यंत रक्त चढलं. तिनं ते टोमणा मारून म्हटलं असतं तर मी तिच्या झिंज्या धरल्या असत्या. पण ती नुसतं सांगत होती, ऊन किती होतं नि वारा कुठला होता ते सांगावं तसं.

सरांनी दोघींचे आकडे पुन्हा एकदा शेजारी धरून बघितले. मग त्यांना हसू फुटलं, आणि ते आवरेना. चष्मा काढून त्यांनी डोळे पुसले. "म्हणजे एक पोरगी हरणं सोडून हिच्याकडं बघतीय, आणि ही हरणं सोडून तिच्याकडं बघतीय. आणि दोघींच्या आकड्यांवरून माळावर हरणं किती, ते मी खात्याला सांगणार! शाबास. अहो कोळेकर, बाहेर या जरा. गोणपाट आहे का हो तुमच्याकडं?"

"गोणपाट? हाय की. कशापायी?"

"आडपडदा करायचाय."

झालेली सगळी मोजणी सरांनी रद्द केली आणि जागेचा निर्णय पुढं ढकलला. दुसऱ्या दिवशी टेकाडावर दोन वेळू रोवले गेले आणि त्यांच्यामध्ये युरियाची पोती उसवून शिवलेला पडदा टांगला गेला. खडक दोघींनी वाटून घ्यायचा, एक डावीकडं, एक उजवीकडं, मध्ये पोतं. खालून जाणारी मेंढरामागची माणसं वर बघून हसायची. एकानं तर विचारलंच, "काय वो बाई, न्हाणी बांधताय व्हय?"

पडद्याआड पहिले दोन दिवस मला काही सुचेना. समोर नुसता माळ. डावीकडं वळले की पोतं. मग हळूहळू डोळे पूर्वीसारखे चालायला लागले. गवतातले कान दिसायला लागले. पलीकडून कधी तिचा खोकला यायचा, कधी पेन्सिल खाली पडल्याचा आवाज. तिची पेन्सिल फार वेळ वाजली नाही की मला बरं वाटायचं, हे मी लपवत नाही. चौकीतल्या आमच्या खोलीत मात्र आम्ही आधीपेक्षा जास्त बोलायला लागलो होतो. लपवायला काही उरलं नव्हतं, म्हणून असेल.

"तुला माझं नेमकं काय खुपायचं गं?" तिनं एकदा भाकरी उलटताना विचारलं.

"भाकरी," मी म्हटलं.

ती इतकी हसली की भाकरी करपली. ती करपलेली मी मोठ्या समाधानानं खाल्ली.

हिवाळा सरता सरता नवी मोजणी झाली. नकाशे शेजारी ठेवले, आणि या वेळी दोघींच्या खुणा जागोजाग वेगळ्या होत्या. माझी नजर दहातली आठ निघाली, चारुताची पाच. आणि माळावरची हरणं आधीपेक्षा चांगली सहाव्या हिश्शानं वाढली. वाढली म्हणजे होतीच ती. आधी आम्ही दोघी एकाच ठिकाणी बघत होतो, म्हणून सूत्राला वाटत होतं की सुटलेलं फारसं काही नाहीच. सरांनी जन्ममृत्यूचं गणित नव्या आकड्यावर पुन्हा मांडलं, आणि किती हरणं हलवली तर कळप तगेल ते लिहून खात्याकडं पाठवलं.

मग त्यांनी आम्हाला दोघींना समोर बसवलं. "जागा एकच आहे. मी ठरवलं तर तुम्ही जन्मभर माझ्या नावानं खडे फोडाल. तुम्हीच सांगा."

मी तोंड उघडायच्या आत चारुता म्हणाली, "उज्ज्वलाला द्या सर."

"आणि गणित कोण करणार?"

"तीच करेल. तिला येतं. बसायच्या जागांप्रमाणे वेगळं काढायचं माझ्या लक्षात आलं नव्हतं. मी शिकलेली असून मला सुचलं नाही. तिनं शोधलंय ते."

सर माझ्याकडं बघायला लागले. मला जागा मिळत होती. कुर्डुवाडी टळत होती. ज्यासाठी जीव टाकला होता ते सगळं समोर येऊन पडलं होतं, आणि मी काय करत होते? जळत होते. हे तिला कसं जमलं? एवढं मोठं वाक्य, इतक्या सहज, आणि माझ्या आधी! मला असं बोलायला कधीच जमलं नसतं, आणि आता जमलं असतं तरी ते दुसऱ्या नंबरचं झालं असतं. नाही, तिला द्या, असं मी एकदाही म्हटलं नाही. म्हणायला हवं होतं असं मला अजूनही वाटत नाही. जागा माझीच होती. पण त्या दिवशी ती देणारी चारुता होती, आणि मी घेणारी.

ती निघाली त्या दिवशी मी तिला सोडायला फाट्यावर गेले. एस्टीनं धूळ उडवत ब्रेक मारला. मी तिची वळकटी वर चढवली, ती आत जाऊन खिडकीत बसली, आणि खाली रस्त्यावर मी उभी राहिले. गाडी सुटायला वेळ होता. कंडक्टर चहा घेत होता.

"आता काय करणार तू?" मी विचारलं.

"गणितच. पण हरणांजवळ न जाता." ती हसली. "नवी मुलगी येईल ना मोजायला, ती कशी आहे ते कळव."

"कळवीन."

"माझ्याहून चांगली असेल तर कळवू नकोस."

"बरं."

"आणि उजू, पडदा काढू नकोस."

उजू मला घरचेच म्हणायचे. मी काहीतरी बोलणार होते, चांगलं काहीतरी, पण कंडक्टरनं घंटी ओढली आणि गाडी हलली. मी हात वर केला. ती आता माझ्याकडं बघेल, हात हलवेल, कदाचित डोळेही पुसेल, असं मला वाटलं होतं. आणि मला ते हवंही होतं. पण ती माझ्याकडं बघतच नव्हती. तिची नजर माझ्या डोक्यावरून पलीकडं गेली होती आणि तिथंच थांबली होती, आणि तिच्या चेहऱ्यावर असा आनंद पसरला होता की तसा मी त्या अख्ख्या हिवाळ्यात बघितला नव्हता.

गाडी पुढं जाईपर्यंत मला धीर धरवला नाही. वर केलेला हात तसाच ठेवून मी तिच्याकडं पाठ फिरवली, आणि ती काय बघतेय ते बघितलं. रस्त्यापलीकडच्या तुरीच्या वावराच्या कडेला सात-आठ हरणं उभी होती, भर उन्हात, उघड्यावर. तिला ती माझ्या आधी दिसली होती.